सव्वापाचची बस आणि सिनेमाचा शेवट

आमच्या गावाने आजवर एकाही सिनेमाचा शेवट पाहिलेला नाही, आणि यात लाजण्यासारखं काही नाही. सौंसरच्या टॉकीजचा पहिला खेळ तीनला सुरू होऊन पावणेसहाच्या सुमाराला सुटायचा आणि लोधीखेड्याकडची आमची शेवटची बस सव्वापाचला निघायची. पाच वाजून गेले की नायक विहिरीत लोंबकळत असो की नायिकेच्या गळ्याला सुरी लागलेली असो, आम्ही पिशव्या उचलून उठायचो. राहिलेला शेवट बसमध्ये लावायचा, ही आमची रीत. कवडूमामांनी लावलेला शेवट सगळ्यात पक्का समजला जायचा, कारण ते खलनायकाला कधी सोडत नसत. वाद व्हायचा, पण गावचा फाटा येईपर्यंत सर्वांच्या मतानं एक शेवट ठरायचा आणि पुढे तोच खरा मानायचा.

मी पंचफुला. पांढुर्ण्याची माहेरवाशीण, मॅट्रिक पास. हे सांगितल्याशिवाय मी कोणतीच गोष्ट सुरू करत नाही. आमच्यात नवऱ्याचं नाव घेत नाहीत, पण लिहिताना ते कुणाला ऐकू जात नाही, म्हणून लिहिते: गुणवंता. माणूस सोन्यासारखा आणि शेतकरी म्हणून अगदी मऊ. हे जे पुढे घडलं ते एकोणनव्वद सालच्या जानेवारीत, आमच्या संत्र्याच्या बागेला ताण दिलेला असताना.

ज्यांच्याकडे संत्री नाहीत त्यांच्यासाठी ताण म्हणजे काय ते सांगून टाकते. संत्र्याचं झाड आपणहून मनासारखं फुलत नाही. त्याला फसवावं लागतं. डिसेंबर लागला की पाणी बंद करायचं. झाड तहानेनं कासावीस होतं, पानं फिकी पडतात, थोडी गळतात. झाडाला वाटतं, आता आपलं काही खरं नाही. मग एक दिवस मोटार सुरू करून आळी तुडुंब भरायची. झाड समजतं पाऊस आला आणि जीव तोडून फुलतं. खोटा दुष्काळ, खोटा पाऊस आणि खरी फुलं. पाणी लवकर दिलं तर नुसती पालवी येते, उशीर झाला तर झाड मरतं. नेमका दिवस ओळखणं हीच सगळी विद्या.

ही विद्या माझ्या नवऱ्याच्या हातून दोन वर्षं वाया गेली होती. तहानलेलं झाड पाहिलं की यांच्या घशाखाली घास उतरायचा नाही. दोन्ही वर्षं यांनी दया येऊन लवकर पाणी सोडलं आणि दोन्ही वर्षं बागेत हिरवीगार पालवी आली, फूल एक नाही. माझे सासरे रघुनाथराव, आम्ही त्यांना मामाजी म्हणतो, सौंसरला मोठ्या दिरांकडे राहायचे. त्यांनी दिवाळीला येऊन सांगितलं की हे शेवटचं वर्ष. फेब्रुवारीत बहार दिसला नाही तर दोनशे दहा झाडांवर कुऱ्हाड आणि तिथे कापूस. मामाजी बोलले की करतात.

ती झाडं मी लावली होती. लग्न होऊन आले त्याच पावसाळ्यात कलमं आली, तेव्हा मोटार नव्हती, पहिली दोन वर्षं मी डोक्यावर घागरी वाहून ती जगवली. ती तुटली असती तर त्या घरात मला अन्न गोड लागलं नसतं. म्हणून मी मामाजींना म्हटलं, या वर्षी ताण माझ्या हाती द्या. त्यांनी माझ्याकडे बराच वेळ पाहिलं आणि मोटारीच्या पेटीला नवं कुलूप आणून किल्ली माझ्या हातात दिली. मुलाच्या देखत दिली. यांनी मान खाली घातली, पण मला तेव्हा त्याचं काही वाटलं नाही. किल्ली मी कमरेला लावली, पाच डिसेंबरला पाणी तोडलं आणि रोज सकाळी चुलीमागच्या भिंतीवर कोळशाची एक रेघ ओढायला लागले. साठ रेघा झाल्या की पाणी, असं मी ठरवून टाकलं होतं.

अडतिसाव्या रेघेच्या दिवशी आम्ही सौंसरला कामाला गेलो आणि काम उरकल्यावर टॉकीजमध्ये शिरलो. सिनेमा विलायती होता, हिंदीत बोलायला लावलेला. बाहेर फळ्यावर रंगवलं होतं, ‘नकली शहर का राज’. त्यातली माणसं तोंड मिटल्यावरही बोलत होती आणि बोलणं संपल्यावरही ओठ हलवत होती. नायिका, तिची आई आणि एक लहान पोर, तिघांना एकाच बाईचा आवाज दिला होता. तरी पाच मिनिटांत त्याची सवय होते.

गोष्ट अशी. एक घड्याळं दुरुस्त करणारा माणूस, छान शहरात राहतो. त्या शहरात एकदा महिनोन्महिने पाणी नसतं, लोक आकाशाकडे डोळे लावून बसतात आणि मग धो धो पाऊस येतो, सगळे रस्त्यावर येऊन नाचतात. घड्याळवाला नाचत नाही. तो पाहतो की एवढा पाऊस झाला, पण भिंतीला ओल नाही. तो म्हणतो, “यह बारिश झूठी है.” मग पाठलाग, गोळीबार, जिने, आणि शेवटी त्याला कळतं की शहर नाहीच. एका मोठ्या कोठारात हजारो माणसं नळ्या लावून निजवून ठेवली आहेत आणि एक मशीन त्यांच्या डोक्यात शहर दाखवत आहे. काचेच्या खोलीत एक सफेद कोटवाला बसतो. एक बटण दाबलं की दुष्काळ, दुसरं दाबलं की पाऊस. पाऊस आला की निजलेल्या माणसांना जो आनंद होतो, त्या आनंदावर त्याची वीज चालते. कशी चालते ते हिंदीत सांगितलं नाही. त्या सफेद कोटवाल्याची बायको सिनेमात एकदाच येते. डबा ठेवते, काचेतून त्या माणसांकडे पाहते आणि काही न बोलता निघून जाते.

मी तर खुर्चीत हसायलाच लागले. सगळं टॉकीज घाबरून बसलेलं आणि मी हसते आहे. कलाबाई, आमची शेजारीण, पलीकडे बसली होती, तिला मी कोपरानं ढोसून म्हटलं, हा ताण आहे, दुसरं काही नाही. विलायतेतल्या लोकांनी कोट घालून आपलंच काम चालवलं आहे. मला त्या सफेद कोटवाल्याचं कौतुक वाटत होतं. त्याचा दिवस चुकत नव्हता.

घड्याळवाला हातोडा घेऊन त्या काचेसमोर उभा राहिला आणि पाच वाजून गेले. आम्ही उठलो.

बसमध्ये कवडूमामांनी सफेद कोटवाल्याला त्याच्याच नळ्यांनी बांधून मशीनमध्ये कोंबला. कलाबाईचं म्हणणं पडलं की घड्याळवाल्यानं नायिकेला उठवलं असणार आणि बाकीच्यांना झोपू दिलं असणार. आमचे हे खिडकीला डोकं टेकून गप्प. नाही तर शेवट लावण्यात यांचा उत्साह दांडगा. फाटा आला तरी त्या दिवशी शेवट ठरला नाही, असं पहिल्यांदाच झालं.

घरी यांनी अर्धी भाकरी ठेवून दिली. मी विचारलं तेव्हा म्हणाले, “पंचफुला, आपन त्या सफेद कोटवाल्यासारखंच करून राह्यलो ना.”

मी म्हटलं, करतोच आहोत आणि नीट करतो आहोत. झाडाला डोकं नसतं, त्याला नळी लागत नाही, फूल आल्यावर त्याचं कल्याणच होतं. मी आणखीही बरंच बोलले, मला बोलायला लागतं किती. यांनी फक्त एवढं विचारलं की मी बरडाकडच्या ओळी कधी पाहिल्या. बागेचा विहिरीकडचा भाग काळ्या जमिनीचा, आणि पलीकडच्या सात ओळी बरडावर, म्हणजे मुरमाड, उथळ जमिनीवर. मी म्हटलं, रोज पाहते. त्यात खोटं काही नव्हतं, रोज विहिरीच्या कठड्यावर उभी राहून मी सगळी बाग पाहत होते.

त्या वर्षी संक्रांत आणि शनिवार एकत्र आले. कलाबाईचा जामसांवलीच्या हनुमानाला नवस होता, तिला सोबत हवी होती, मी गेले. किल्ली कमरेला होतीच. देवळात एवढी गर्दी की दर्शनाला दुपार झाली. परत आले तेव्हा उन्हं उतरायला लागली होती. फाट्यावरून बागेच्या बांधाला लागले आणि मला ओल्या मातीचा वास आला.

बरडाच्या सातही ओळींची आळी भरलेली होती. पाणी अजून जिरत होतं. मी धावत पेटीपाशी गेले तर कुलूप जसंच्या तसं. यांनी पेचकसानं मागचे बिजागरीचे स्क्रू काढून दार उलट्या बाजूनं उघडलं होतं. हे दांडावर बसले होते, पाय चिखलात, हातात फावडं.

तिळगूळ द्यायचा दिवस, आणि मी जे बोलले ते इथे लिहिण्यासारखं नाही. अर्ध्यात विजेची लाइन गेली असेल म्हणून माझी काळी जमीन वाचली, असं मी म्हटलं. एक सिनेमा पाहून, तोही अर्धा, माझ्या झाडांवर कुऱ्हाड आणली, असंही म्हटलं. यांनी खाली वाकून एक गळलेलं पान उचललं आणि माझ्यापुढे धरलं. “हे हातात घेऊन पाह्य,” म्हणाले. मी ते घेतलं नाही.

दुसऱ्या दिवशी मामाजी तिळगूळ घेऊन आले आणि सरळ बागेत गेले. ओली आळी दिसायला त्यांना चष्मा लागला नाही. त्यांनी मागे वळून यांच्याकडे पाहिलं. दोन वर्षांची सगळी चीड त्या पाहण्यात होती. हे काही बोलणार तेवढ्यात मी मध्ये झाले.

“पानी मी देल्लं, मामाजी,” मी म्हटलं. “बरडाले चाळीस दिवस पुरे झाले. काळ्या जमिनीचे अजून बाकी हायेत.”

हे मी का म्हटलं? झाडं वाचवायला. यांचं नाव आलं असतं तर मामाजी फेब्रुवारीपर्यंत थांबले नसते. शिवाय मला वाटलं होतं त्यापेक्षा ते शब्द सहज आले, अगदी आधीच ठरवल्यासारखे. मामाजींनी वाकून मुरुम चिमटीत घेतला, सोडला आणि हूं म्हणाले. यांनी माझ्याकडे पाहिलं. मला धन्यवाद नको होते, म्हणून मी दुसरीकडे पाहिलं.

मामाजी गेल्यावर मी पहिल्यांदा बरडाच्या ओळींमध्ये शिरले, राग काढायला. पहिल्याच झाडाखाली माझा पाय पानांत गेला. दुसऱ्या झाडाखालीही तेच. काळ्या जमिनीतल्या झाडांखाली मोजकी पानं होती आणि इथे बुंध्याभोवती पिवळा थर पडलेला. फांद्यांवर जी उरली होती ती सुरळीसारखी गुंडाळलेली. शेंडे दोन ठिकाणी वाळायला लागले होते. मी एक पान हातात घेतलं आणि त्याचा चुरा झाला. आणखी आठ दिवस गेले असते तर या सात ओळींना कुऱ्हाडीची गरजच पडली नसती, आणि माझ्या भिंतीवर तर अजून वीस रेघा बाकी होत्या.

मी बाग पाहत होते ती कठड्यावरून. तो सफेद कोटवालाही काचेच्या आतून बघायचा, एकदाही कोठारात उतरला नाही. सिनेमात मला त्याचं कौतुक वाटलं होतं. आता बरडाच्या मधोमध उभं राहून मला माझी लाज वाटली, आणि मला लाज वाटण्याची फारशी सवय नाही.

संध्याकाळी पिठाच्या गिरणीवर कलाबाईच्या जावेकडून कळलं की संक्रांतीच्या दिवशी दुपारभर गिरणी चालू होती, लाइन एक क्षण गेली नव्हती. म्हणजे यांनी काळ्या जमिनीला पाणी दिलं नाही ते स्वतःहून. सात ओळी भरल्या आणि मोटार बंद केली. दया येऊन सगळी बाग भिजवणारा माणूस या वेळी बरोबर सातव्या ओळीवर थांबला होता. मी घरी आले आणि यांना ताट वाढलं. माफी मागायला शब्द सुचत नाहीत असं मला त्या एका दिवशी झालं.

काळ्या जमिनीला मी साठ रेघांची वाट पाहिली नाही. रोज आत शिरून पान हातात घेत गेले, पंचावन्नाव्या दिवशी यांना विचारलं, हे हो म्हणाले, आणि मी कुलूप काढलं.

फेब्रुवारीच्या दुसऱ्या आठवड्यात बरड फुलला. असा फुलला की बांधावरून पानं दिसेनात, नुसतं पांढरं. वास फाट्यापर्यंत गेला, बसमधल्या लोकांनी माना बाहेर काढल्या. काळ्या जमिनीवर कळी टच्च धरली होती. मामाजी आले ते एकटे नाही, सौंसरचे दोन बागाईतदार आणि गावातले कवडूमामा यांना घेऊन आले. सगळे ओळींमधून फिरले आणि मग मामाजी विहिरीपाशी उभे राहून म्हणाले की चाळीस वर्षं ते बाग करत आहेत, पण एकाच बागेत दोन जमिनी ओळखून दोन वेगळे ताण द्यायची हिंमत त्यांना कधी झाली नाही, ती त्यांच्या सुनेनं केली. बरडाचा दिवस तिनं नेमका धरला. कुऱ्हाडीचं नाव आता कोणी काढायचं नाही. ते बागाईतदार माझ्याकडे आदरानं पाहायला लागले. त्यातल्या एकानं विचारलं की बाई, दिवस कसा ओळखला.

खरं सांगते, मला ते फार गोड लागलं. झाडं वाचली होती, आता खोटं काय आणि खरं काय, कुणाचं काही बिघडत नव्हतं. हे पाण्याचे पेले घेऊन आले होते. सगळ्यांना पेले देता देता अगदी हसून म्हणाले, “तिचा डोळाच तसा हाय.”

आणि ते मला सहन झालं नाही. दिवाळीला किल्ली माझ्या हातात आली तेव्हाची यांची खाली गेलेली मान मला आठवली. हा माणूस माझ्या खोट्या पावसात स्वतःहून भिजत उभा होता आणि वर मलाच शाबासकी देत होता.

“मामाजी,” मी म्हटलं, “मी तुमाले खोटं सांगतलं. बरडाले पानी यायनं देल्लं. मी तं जामसांवलीले गेलती. माह्या भरोशावर राह्यल्या असत्या तं त्या सात ओळी मेल्या असत्या.”

 मामाजींनी यांच्याकडे पाहिलं, या वेळी वेगळं. मग विचारलं, “तुले कसं समजलं?”

“पान हातात घेतलं,” हे म्हणाले. “दोन वर्सं माह्यं चुकलं, ते कोनत्या जमिनीत चुकलं हे पाह्यत होतो. अन् सिनेमा पाह्यला.”

मग सिनेमाचं सांगावं लागलं. नकली शहर, नळ्या, दुष्काळाचं बटण, पावसाचं बटण, सगळं मीच सांगितलं, कारण सांगण्यात माझा हात कोणी धरणार नाही. मामाजी उभे राहून ऐकत होते. सफेद कोटवाल्याचं आलं तेव्हा त्यांच्या कपाळावर आठी पडली आणि चाळीस वर्षांच्या बागांचा विचार त्यांच्या तोंडावर दिसला. घड्याळवाला हातोडा घेऊन काचेसमोर उभा राहिला आणि मी थांबले.

“मंग शेवट काय झाला?” मामाजींनी विचारलं.

बस होती, म्हणून उठलो, असं मी सांगितलं. कवडूमामांनी घसा साफ केला, खलनायकाला मशीनमध्ये कोंबायची त्यांची तयारीच होती. पण त्यांच्याआधी हे बोलले.

“हातोड्याचं कामच नाही पडलं,” हे म्हणाले. “त्या सफेद कोटवाल्याची बायको होती ना, डबा घेऊन आलेली. ती परत आली अन् तिनं सगळ्याईले खरं सांगून टाकलं.”

कवडूमामांनी तोंड उघडलं आणि मिटलं. मी कमरेची किल्ली काढून यांच्या हातात दिली, मामाजींच्या देखत. नंतर तो सिनेमा पांढुर्ण्याला आठ दिवस लागला होता आणि माझ्या माहेरच्यांनी खरा शेवट पाहिला, पण मी त्यांना तो कधी विचारला नाही. आमच्या गावात त्या सिनेमाचा तोच शेवट ठरलेला आहे आणि त्यावर अजून कोणी वाद घातलेला नाही.